आईच्या कार्डावरचं माझं नाव

रोह्याच्या बाजारपेठेत माझं दुकान आहे. दुकान म्हणजे एक टेबल, एक कॉम्प्युटर, एक प्रिंटर आणि समोर दोन प्लास्टिकच्या खुर्च्या, त्यातली एक मोडकी. मोडकी मी मुद्दाम ठेवली आहे. फार वेळ बसून राहणारी माणसं मला आवडत नाहीत.

माझ्याकडे आपण फॉर्म भरायला येतो असं लोकांना वाटतं. खरं तर ते एकच प्रश्न घेऊन येतात: आम्हाला रेशनचं धान्य किती मिळेल? फॉर्म नंतर, आधी आकडा सांगा. आणि मी सांगते. इतकी वर्षं तेच करतेय, त्यामुळे माणूस खुर्चीवर टेकायच्या आत माझा अंदाज झालेला असतो. हिशेब तसा सोपा आहे. वर्षाचं उत्पन्न गावात चव्वेचाळीस हजारांच्या आत, शहरात एकोणसाठ हजारांच्या आत असेल तर माणशी महिन्याला पाच किलो, तांदूळ आणि गहू मिळून, फुकट. पंधरा हजारांच्या आत असेल तर पिवळं कार्ड, आणि पिवळ्या कार्डातही बाई विधवा, एकटी असेल तर अंत्योदय. अंत्योदयात माणसं मोजत नाहीत. घरात एक असो की आठ, कार्डाला पस्तीस किलो. उत्पन्न लाखाच्या वर गेलं की कार्ड पांढरं. पांढऱ्या कार्डावर पत्ता मिळतो, धान्य नाही.

आता उत्पन्न किती, हे ज्याचं त्याने सांगायचं. इथे सगळी गंमत आहे. पदराखाली बांगड्या लपवून बसलेली बाई मला सांगते, वर्षाला बारा हजार. बाहेर बुलेट लावून आलेला माणूस सांगतो, मजुरी. मी कुणाला काही म्हणत नाही. पण मनातल्या मनात मी प्रत्येकाचा खरा आकडा काढते आणि त्याच्याकडे बघून घेते. लोकांना ते कळतं. माझ्याबद्दल बाजारात फारसं बरं बोललं जात नाही, पण फॉर्म भरायला माझ्याकडेच येतात, कारण माझा अंदाज चुकत नाही.

एकदा चुकला. तो माझ्या आईचा होता.

आधी सासरचं सांगते, कारण सुरुवात तिथून झाली. आमच्यात मुलीचं लग्न झालं की पाचपरतावण होते, सत्यनारायण होतो, आणि मग कुणीतरी एक दिवस तालुक्याच्या कचेरीत जाऊन माहेरच्या रेशनकार्डावरून तिचं नाव कमी करून दाखला आणतं. तो दाखला सासरच्या कार्डाला जोडला की तिचे पाच किलो इकडे सुरू होतात. माझ्या लग्नाच्या वर्षीच वडील गेले. मिठागरावर जन्म काढलेला माणूस, एका आठवड्याच्या आजारात संपला. मी दाखल्याचं बोलले तेव्हा आई म्हणाली, "मंग कार्डावर मी एकलीच रायन." मी म्हटलं राहू दे मग. मला वाटलं, तिला माझे पाच किलो हवेत. मी जे काम करते त्यात माणसाला सगळीकडे किलोच दिसतात.

अशी अकरा वर्षं गेली. सासूबाईंनी ती अकराही वर्षं मोजली. शेजारीण आली की मला ऐकू जाईल इतपतच आवाजात त्या म्हणत, "आमच्या घरात जेवते, नि धान्य हिच्या नावाचं म्हायेरी जातं." मी तोंडाला तोंड द्यायची. म्हणायची, "तुमच्या मुलाच्या पगाराची पावती दाखवू का रेशनवाल्याला?" कारण खरं सांगायचं तर आमच्या घराला एक दाणाही मिळायला नको. नवरा शिफ्टला जातो. कंत्राटी असला तरी त्याचा चार महिन्यांचा पगार एकोणसाठ हजारांच्या पुढे जातो. पण उत्पन्नाच्या दाखल्यावर वर्षाचे चाळीस हजार लिहिलेले आहेत. तो दाखला मीच काढला आहे. दुसऱ्यांच्या बांगड्यांकडे बघून घेणारी मी.

मग सगळ्यांच्या केवायसीचा हुकूम आला. कार्डावरच्या प्रत्येकाने मशीनवर अंगठा द्यायचा, नाही दिला तर नाव बाद. मी अंगठा दिला आणि मशीनवर आईच्या कार्डाचा नंबर उमटला. सासूबाई पाठीमागे उभ्या होत्या. रेशन दुकानात, दहा माणसांत, त्या म्हणाल्या, "बगा, अजून म्हायेरचीच हाय." लोक हसले. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. घरी येईपर्यंत माझा हिशेब पक्का झाला होता.

हिशेब असा होता. माझं नाव काढलं तर आईचे पाच किलो जातात, दहाचे पाच राहतात. पण नाव काढलं की ती कार्डावर एकटी. एकटी विधवा, पिवळं कार्ड, म्हणजे अंत्योदयाची सरळ केस. दहाचे पस्तीस. सासूबाईंचं तोंड बंद, आईचा फायदा, आणि मी म्हणते तेच खरं. मला हा हिशेब इतका आवडला की दुसऱ्याच दिवशी दुकान बंद ठेवून मी आईकडे गेले.

आई पेणजवळ जिते गावाच्या बाजूला राहते, स्टेशनातून उतरलं की खाडीकडे जाणाऱ्या रस्त्यावर. त्या पट्ट्यात घरटी एक माणूस गणपतीच्या कारखान्यात असतो. कारखाना म्हणजे शेड, साचे, रंग आणि ओळीने मांडलेल्या मूर्ती. तिथे कामाला उतरंड असते. तळाशी घासकाम: कच्ची मूर्ती पॉलिश पेपरने घासून गुळगुळीत करायची, दिवसभर पांढरी भुकटी खायची. त्याच्या वर रंग. आणि सगळ्यात वर आखणी, म्हणजे देवाचे डोळे काढायचे. आखणी करणारा हात कारखान्यात एखादाच असतो. बाकीच्यांना सीझनपुरतं बोलावतात, चांगल्या आखणीवाल्याला बारमाही ठेवतात. माझी आई पंचवीस वर्षं आखणी करत होती. तिने डोळे काढले की मूर्ती आपल्याकडे बघते, असं लोक म्हणत. आई स्वतः काही म्हणत नसे. फक्त घासकामाच्या बायकांच्या शेजारी बसून डबा खात नसे.

दोन वर्षांपूर्वी तिने गावातला कारखाना सोडला होता. पेणमधल्या एका मोठ्या कारखान्यात बोलावलंय म्हणाली. गावातही तिने तेच सांगितलं. सीझनला रोज सकाळी चांगलं पातळ नेसून ती पेणला जायची. मला बरंच वाटलं.

त्या दिवशी मी गेले तेव्हा ती वाल सोलत बसली होती. माझ्यासाठी चहा टाकला आणि अर्धाच पेला दिला. सासरहून आलेल्या मुलीला अर्धा पेला चहा. मला राग आला, पण मी मनात ठेवला. नंतर ती पुन्हा वाल सोलायला बसली, एकेक दाणा, इतका वेळ लावून की मी शेवटी तिच्या हातातून परात ओढून घेतली.

"दे इकडे. संध्याकाळ होईल."

"कशाला आलीस गो?"

मी सगळं सांगितलं. नाव काढणार, तू एकटी, अंत्योदय, पस्तीस किलो.

"पस्तीस किलो मी एकली खाऊ?"

"कोंबड्यांना घाल. पण सोडायचं कशाला?"

ती म्हणाली, "तुजं नाव काडायलाच पायजे?"

"अकरा वर्षं मी त्या घरात बोलणी खातेय आये. तुला पाच किलोची पडलीय."

"काड," ती म्हणाली. "काडून टाक."

मी तिला समजावलं की नाव कमी झाल्यावर अंत्योदयाचा अर्ज मी ऑनलाइन भरेन, पण उत्पन्नाचा नवा दाखला लागेल आणि त्यासाठी तलाठ्यापुढे तिला स्वतः जावं लागेल. आता तिचं उत्पन्न माझ्या हिशेबाने असं होतं: आखणीचा रोज सहाशे, सीझनचे साठ दिवस धरले तरी छत्तीस हजार. पंधराच्या आत बसत नाही. म्हणून मी म्हटलं, "तलाठ्याने विचारलं तर वर्षाचे चौदा हजार सांग. सीझनपुरतं काम, एवढंच सांग."

"चौदा हजार?"

"हो."

"तुला कोनी सांगितलं चौदा हजार?"

"कुणी कशाला सांगायला हवं? पंधराच्या आतला आकडा हवा म्हणून चौदा. खोटं सगळेच सांगतात, तू काही पहिली नाहीस."

ती माझ्याकडे बराच वेळ बघत राहिली. मला वाटलं खोटं बोलायचं तिच्या जिवावर आलंय. मी कागद पिशवीत भरले, सोललेले वाल तिच्यापुढे ठेवले आणि गाडीच्या वेळेला निघाले. निघताना तिने तांदळाच्या पिठाची पुरचुंडी दिली, नेहमी द्यायची तशी.

तलाठ्याकडे मी तिच्याबरोबर गेले नाही. केवायसीची शेवटची तारीख जवळ आली होती, दुकानात पाय ठेवायला जागा नव्हती, आणि शेकडो लोकांना मी तोंडी सांगून पाठवते, ते नीट बोलून येतात. मी फोनवर तिच्याकडून आकडा घोकून घेतला. ती म्हणाली, "व्हय, व्हय, चौदा."

माझं नाव सासरच्या कार्डावर चढलं. पहिले पाच किलो आणले त्या दिवशी सासूबाईंनी पिशवी स्वतः उचलून आत नेली.

त्यानंतर दीड-दोन महिन्यांनी आईचा फोन आला. ती कधी स्वतःहून फोन करत नाही. म्हणाली, "दुकानवाला नाय म्हनतो. धान्य बंद झाला."

मी कॉम्प्युटरवर तिच्या कार्डाचा नंबर टाकला आणि बघतच राहिले. वार्षिक उत्पन्न एक लाख ऐंशी हजार. पिवळं कार्ड गेलं होतं, पांढरं करण्याचा शेरा होता. पस्तीसही नाहीत, दहाही नाहीत, काहीच नाही. मी फोनवर ओरडले. समोर खुर्चीत एक म्हातारा फॉर्म घेऊन बसला होता, तो उठून बाहेर गेला. मी आईला काय काय बोलले ते इथे लिहीत नाही. ती एवढंच म्हणाली, "मी काय सांगितला ते मना आठवत नाय." आणि फोन ठेवला.

मी तलाठ्याकडे गेले ते भांडायच्याच तयारीने. तो माणूस शांत निघाला, त्यामुळे माझी पंचाईत झाली. त्याने फाईल काढून स्वयंघोषणापत्र माझ्यापुढे ठेवलं. काम: मूर्तींची आखणी. बारमाही. रोज रुपये सहाशे.

"मी दोनदा विचारलं," तो म्हणाला. "काकी, सीझनपुरतं ना? तर म्हणाल्या, बारमाही. मी म्हटलं, नीट सांगा, दाखल्याला लागेल. तर म्हणाल्या, सहाशे रोज हाय माझा, विचारा कोणालाही."

"तिथे आणखी कोण होतं?"

"रांग होती. कारखान्यातल्याच बायका होत्या गावच्या, त्याही दाखल्याला आलेल्या."

म्हणजे गावच्या चार बायकांसमोर शेखी मिरवायला हिने आपल्या तोंडचा घास घालवला. मला इतका संताप आला की मी त्या कागदाकडे नीट बघितलंच नाही. नंतर परत बघितलं तेव्हा दिसलं की खाली सही नव्हती, अंगठा होता. माझी आई सातवी पास आहे. रेशनचं मशीन सोडलं तर बँकेत, शाळेत, कुठेही तिने कधी अंगठा दिलेला नाही. अंगठा देणाऱ्या बायकांना ती हसायची. मी तलाठ्याला विचारलं, तर म्हणाला, त्यांनीच शाईचा पॅड मागितला.

दुरुस्तीसाठी कारखानदाराचं पत्र आणा, तो म्हणाला. सीझनपुरतं काम आहे असं त्याने लिहून दिलं की आपण चौकशी लावू. मी तशीच पेणला गेले.

पेणचा तो कारखानदार ऐन कामाच्या गडबडीत होता. मी सांगितलं, अमुक गावच्या आखणीवाल्या बाई, त्यांची मुलगी मी. तो म्हणाला, आखणीवाली अशी कोणी नाही आमच्याकडे. मी वर्णन केलं, पातळाचा रंग सांगितला.

"ती होय? ती घासकामाला असते. सीझनपुरती."

मी म्हटलं, तुमची काहीतरी चूक होतेय.

"माझी कशाला चूक होईल? आखणीलाच घेतली होती आधी, नाव ऐकून. पहिल्याच दिवशी तीन मूर्ती दिल्या. एक डोळा वर, एक खाली. हात हलतो तिचा. लोक तिरळा देव घेतात काय घरी? मी म्हटलं बाई, घरी जा. तर जाईना. म्हणाली, काय असेल ते द्या. म्हणून घासायला बसवली. दोनशे ऐंशी रोज."

"किती दिवस भरतात?"

त्याने वही चाळली. "गेल्या सीझनला पन्नास."

दोनशे ऐंशी गुणिले पन्नास. मला कॅल्क्युलेटर लागत नाही. चौदा हजार.

मी तिथेच एका पालथ्या बादलीवर बसले. मी तिला जो खोटा आकडा घोकून घ्यायला लावला होता तो पैन् पै खरा होता. मी तो हवेतून काढला होता, आणि तिला वाटलं असणार की मला सगळं कळलंय. म्हणून तिने विचारलं होतं, तुला कोणी सांगितलं. तो अर्धा पेला चहा, तो एकेक वाल, तो अंगठा, सगळं एका रांगेत समोर आलं. पेला भरला असता तर सांडला असता. आणि मी परात ओढून घेतली होती.

वाईट वाटलं का? वाटलं. पण आधी राग आला, हे लपवत नाही. शेडच्या त्या टोकाला घासणाऱ्या बायका ओळीने बसल्या होत्या, केस, भुवया सगळं पांढरं. त्यात आई नव्हती. त्या दिवशी ती आली नव्हती, की मला बघून मागच्या मागे गेली होती, ते मी कधी विचारलं नाही. मी पत्र घेतलं आणि तिच्या घरी गेले.

घरी तांदळाच्या डब्यात तळाला दोन मुठी कण्या होत्या. मी डबा तिच्यापुढे आपटला.

"दोन वर्षं तू मला सांगितलं नाहीस."

"तू इचारलंस कदी?"

"मी काय देव आहे मनातलं ओळखायला?"

"तू सगल्यांचा वलखतेस ना. मानूस बसला की तुला समजता. तूच सांगतेस."

मी कामाचं बोलले. पत्र आणलंय, तलाठी चौकशीला येणार, गावातले दोन पंच लागतात, त्यांच्यासमोर तुला सांगायचंय की आखणी करत नाही, घासकाम करते, सीझनपुरतं. एवढं सांगितलं की कार्ड परत मिळेल.

"मी नाय सांगनार."

"मग उपाशी मर."

"मरन."

हे असं आमच्यात एरवीही चालतं. पण त्या दिवशी दोघींनीही शब्द खरा करायच्या इराद्याने वापरला, हे मला माहीत आहे. मी पिशवीतून बिस्किटचे पुडे काढून तिथे ठेवले. तिने ते उचलून परत माझ्या पिशवीत घातले. घालताना हात दिसू नये म्हणून पदराखालून घातले.

चौकशी ग्रामपंचायतीच्या हॉलमध्ये झाली. मी आईला जवळजवळ ओढतच नेलं. पंच म्हणून तलाठ्याने ज्या दोन बायका बोलावल्या होत्या त्या नेमक्या दाखल्याच्या दिवशी रांगेत उभ्या असलेल्याच निघाल्या. गावातल्या कारखान्यात रंगाला बसतात. आईने त्यांना बघितलं आणि भिंतीवरच्या कॅलेंडरकडे तोंड केलं.

तलाठ्याने कागद पुढे घेतला. "काकी, तुम्ही सध्या आखणीचं काम करता का?"

आई बोलेना. त्याने परत विचारलं. त्या दोघी आपापल्या पायांकडे बघत होत्या. मला दुकानाची सवय आहे, माणूस अडला की मीच उत्तर देऊन टाकते. मी म्हटलं, "नाही करत. दोन वर्षं झाली. तिचा हात थरथरतो. घासकाम करते, तेही पन्नास दिवस. लिहा."

आईने कॅलेंडरवरून नजर काढली. माझ्याकडे नाही, तलाठ्याकडे बघितलं.

"ही कोन बोलनारी? हिचं नाव माज्या कार्डावर नाय. काडलाय."

तलाठी चाचरत म्हणाला, "ताई, तसं बरोबर आहे. अर्जदार कुटुंबातल्याच माणसाने सांगायचं असतं. तुम्ही जरा थांबा."

मी थांबले. दुसरं काय करणार? कागदोपत्री तिचंच खरं होतं, आणि ते कागद मी केले होते.

मग आई बोलली. आवाज मोठा होता, बाहेर ओट्यावर बसलेल्यांनाही ऐकू जावा असा. "आखनी करत नाय मी. हात हालतो. घासते. दोनशे ऐंशी रोज. बारमाही नाय. लिवा."

त्याने लिहिलं. मग कागद फिरवला आणि शाईचा पॅड पुढे सरकवला. आईने पॅड बाजूला केला.

"अंगठा नको. पेन द्या."

ती सही करायला लागली. मी तिच्या सह्या बघितल्यात, शाळेच्या प्रगतिपुस्तकावर, एका ओघात केलेल्या. आता पेन कागदाला लागायचं आणि सरकायचं. डाव्या हाताने तिने उजवं मनगट धरलं. चौकोनात सुरू झालेली सही चौकोनाच्या बाहेर गेली, खालच्या ओळीवर उतरली. किती वेळ लागला सांगता येत नाही. कोणी मदतीला गेलं नाही, आणि मीही जागची हलले नाही, कारण मला नुकतंच सांगण्यात आलं होतं की मी कोणी नाही. सही झाल्यावर तिने पेन टेबलावर ठेवलं, ते घरंगळलं, तलाठ्याने पकडलं. ती उठून निघून गेली.

दारात त्या दोघींतल्या एकीने माझा दंड धरला. "आमाला म्हायती व्हतं गो," ती म्हणाली. "दोन वर्सं म्हायती हाय सगल्या गावाला. तिचं पेनचं सांगनं आमी ऐकून घेयाचो. कोनी कदी बोललो नाय."

म्हणजे सगळ्या गावाला ठाऊक होतं आणि सगळ्या गावाने ते झाकून धरलं होतं. ते कागदावर आणि तिच्या तोंडात आणायला मला रोह्याहून यावं लागलं.

कार्ड परत पिवळं झालं. अंत्योदयाचं काही झालं नाही. तालुक्याला जेवढी कार्डं ठरवून दिलेली असतात तेवढी भरलेली होती, नवीन जागा नव्हती. हे मी आधी बघायला हवं होतं. परक्या माणसाचं काम असतं तर आधी तेच बघितलं असतं. तर माझ्या हिशेबाचा शेवट असा: दहाचे पस्तीस होणार होते, दहाचे पाच झाले. उरलेले पाच रोह्याला आमच्या डब्यात आहेत. आमचं कार्ड अजून चालू आहे. नवऱ्याच्या पगाराचं मी कुठे बोलले नाही आणि बोलेन असंही वाटत नाही. सासूबाई खूश आहेत.

कार्ड झाल्यावर मी एकदा ते पाच किलो पिशवीत घालून आईकडे गेले होते. तिने दार उघडलं, पिशवीकडे बघितलं.

"सासरचा धान्य मी नाय खात."

"तुझेच आहेत ते आये. अकरा वर्षं तूच उचललेस."

"मी उचलला ना, तो पिटी करून तुलाच दिला. जा आता. गाडी चुकंल."

पिठाच्या त्या पुरचुंड्यांचा हिशेब मी कधी केला नव्हता. दार तिने लावून घेतलं. मी पिशवी घेऊन परत आले. त्यानंतर ती माझा फोन उचलत नाही.

पण रेशनचं सगळं आता ऑनलाइन दिसतं. कार्डाचा नंबर टाकला की कोणत्या महिन्यात कोणत्या तारखेला अंगठा दिला, किती उचललं, सगळं येतं. तिचा नंबर मला पाठ आहे. महिना सुरू झाला की मी दुकान उघडल्यावर पहिला तोच टाकते. तारीख आलेली नसली की दिवसभर माझं लक्ष लागत नाही, समोरच्यांवर ओरडत राहते. तारीख आली की समजायचं, ती दुकानापर्यंत चालत गेली, हात मशीनवर धरला, बरी आहे. आज सकाळी तारीख आली. तांदूळ तीन किलो, गहू दोन किलो. आणि त्याच्या वर, जिथे आधी दोन असायचे, तिथे लिहिलेलं: कार्डावरील सदस्य एक.